भुतं मागे लागली की काय करायचं? मोबाइलवरच्या पॅक-मॅनबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लोकलमध्ये उभ्याने पॅक-मॅन खेळताना शेजारचा माणूस खांद्यावरून डोकावतो आणि दोन स्टेशनं गेली की हमखास काहीतरी विचारतो. घरी भाचेमंडळी विचारतात, ऑफिसात डबा खाताना विचारतात. उत्तरं देऊन देऊन तोंडपाठ झाली होती, म्हणून एकदाची लिहून काढली.

हा नेमका कुठला पॅक-मॅन? मोबाइलवर तर शंभर दिसतात.

चक्रव्यूहातले ठिपके खात चार भुतांना चुकवायचं, मोठी गोळी खाल्ली की भुतं थोडा वेळ निळी होतात आणि मग तुम्हीच त्यांना खायचं, असा हा खेळ. मूळ पॅक-मॅन १९८० साली जपानमध्ये आला. नामको कंपनीतल्या तोरू इवातानी यांनी तो रचला. तेव्हा नाव होतं ‘पक-मॅन’, तोंडाची उघडझाप दाखवणाऱ्या ‘पाकू पाकू’ या जपानी शब्दावरून. आपण मचमच म्हणतो ना, तसं. अमेरिकेत नेताना इंग्रजीत लिहिलेल्या ‘पक’मधल्या ‘पी’चा टवाळ पोरं ‘एफ’ करतील, या धास्तीने नाव बदललं. पुढे नामको आणि बंदाई एकत्र आल्या. आज बंदाई नामकोचंच अधिकृत अ‍ॅप मिळतं आणि त्यात तो जुना निळ्या भिंतींचा चक्रव्यूह आहे. खाली दिलेले सगळे आकडे त्या मूळ आर्केड यंत्राचे, म्हणजे नाणं टाकून खेळायच्या मोठ्या पेटीचे आहेत.

बाकी बाजारात नकला भरपूर. तुमच्या फोनवरचा गेम भुतांच्या मूळ नियमांनी चालतो की नाही, हे ओळखायची माझी एक सोपी कसोटी आहे. पहिली लेव्हल सुरू झाली की मनात सात मोजा. सातव्या सेकंदाच्या आसपास बाहेर फिरणारी भुतं चालता चालता, काही कारण नसताना, एकदम उलटी वळली तर पुढचं सगळं तुमच्या कामाचं आहे. नाही वळली तर ती नक्कल आहे. खुशाल खेळा, पण तिथे माझे सल्ले चालतील असं नाही.

माझी बोटं मंद आहेत. मला जमेल का?

जमेल. लोकांना वाटतं की हा गेम चपळ बोटांचा आहे. मलाही वाटायचं. नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायच्या व्हिडिओ गेमच्या कॅसेटवर खेळायचो, तेव्हा बटणं अशी बडवायचो की आई आतल्या खोलीतून ओरडायची. स्कोअर मात्र जिथल्या तिथे.

खरी गोष्ट अशी की भुतं आंधळेपणाने धावत नाहीत. प्रत्येकाला ठरलेली सवय आहे आणि एक मोठं बंधन आहे: त्यांना आपल्या मर्जीने मागे फिरता येत नाही. खो-खो आठवा. पाठलाग करणाऱ्याने एकदा दिशा घेतली की त्याला उलटं वळता येत नाही, पळणारा मात्र केव्हाही गिरकी घेऊ शकतो. पॅक-मॅन म्हणजे तोच पळणारा. खो-खोत चांगला पळणारा नुसता वेगवान नसतो, त्याला समोरच्याने कुठे तोंड केलंय ते दिसत असतं. इथेही तेवढंच शिकायचंय. बोटांना सराव लागतो, पण तो एका गोष्टीचा, आणि तीच पुढच्या प्रश्नात आहे.

वळायला गेलो की पॅक-मॅन पुढेच निघून जातो. फोन स्लो आहे का?

फोनचा दोष क्वचित असतो. बहुतेक वेळा तुम्ही कोपरा आल्यावर स्वाइप करता. तेव्हा उशीर झालेला असतो. कोपरा येण्याआधीच स्वाइप करायचं. वळण दिसलं, दोन घरं उरली, की अंगठा फिरवून मोकळं व्हायचं. पॅक-मॅन सरळ चालत राहतो आणि वाट उघडली की आपोआप वळतो.

याचा दुहेरी फायदा आहे. मूळ गेममध्ये आधीच वळायला सांगितलं असेल तर पॅक-मॅन कोपरा तिरका कापतो आणि थोडं अंतर वाचवतो. भुतांना हे येत नाही, त्यांना कोपऱ्याच्या मधोमध जाऊनच वळावं लागतं. म्हणजे दर वळणाला तुम्ही तसूभर पुढे. चार वळणांची वाट घेतली की मागच्या भुतापासून सुटलात म्हणून समजा. सरळ लांब वाटेने पळणं जिवावर बेततं. वाकडीतिकडी वाट धरावी.

सरावासाठी एकच वाट सांगतो. सुरुवातीला पॅक-मॅन चक्रव्यूहाच्या मधोमध असलेल्या भुतांच्या कोठडीच्या खालच्या बाजूला उभा असतो. त्याच्याच ओळीत डाव्या टोकाला मोठी गोळी चमकत असते, पण सरळ जाता येत नाही, मध्ये भिंत आहे. वाट अशी: डावीकडे, खाली, डावीकडे, वर, डावीकडे. यातली तीन वळणं भिंतीला टेकून मिळतात, तिथे चूक होणं अवघड. पण ‘वर’चं वळण वाटेत आहे. ते हुकलं की तुम्ही थेट कडेच्या भिंतीला जाऊन आदळता. ते एक वळण दहापैकी दहा वेळा साधेपर्यंत पुढे जाऊ नका. मी दोन दिवस फक्त एवढंच केलं होतं. भाचा हसत होता. आता हसत नाही.

स्वाइप बरं की स्क्रीनवरची जॉयस्टिक?

स्वाइप. स्क्रीनवरच्या जॉयस्टिकला उठाव नसतो, त्यामुळे अंगठा घसरत जातो आणि ते लक्षात येत नाही. स्वाइप छोटं करायचं, अर्ध्या पेराएवढं. अख्ख्या स्क्रीनभर बोट फिरवणारे लोक बघवत नाहीत. आणि अंगठा चक्रव्यूहावर नको, खालच्या मोकळ्या जागेत ठेवा. नाहीतर खालच्या कोपऱ्यातलं भूत तुमच्याच अंगठ्याखाली लपतं.

मध्येच गेम बंद होऊन होम स्क्रीन येते. असं का?

कडेवरून आत स्वाइप केलं तर अँड्रॉइड फोन त्याला ‘मागे जा’ समजतो. खालून वर केलं तर ‘होम’. सेटिंगमध्ये जाऊन जेश्चरऐवजी तीन बटणांचं नेव्हिगेशन लावा, नाहीतर स्वाइप मधल्या भागात करायची सवय करा. बॅटरी सेव्हरही बंद ठेवा, बऱ्याच फोनमध्ये तो स्क्रीन मंद चालवतो. आणि डू नॉट डिस्टर्ब लावा. माझा आजवरचा सगळ्यात चांगला डाव कर्ज देऊ करणाऱ्या एका बाईंच्या फोनमुळे गेला.

भुतं माझ्यापेक्षा वेगाने धावतात का?

याचं उत्तर ‘तुम्ही खाताय की नाही’ यावर आहे, आणि हे कळलं त्या दिवशी माझा खेळ बदलला.

पहिल्या लेव्हलला पॅक-मॅनचा वेग कमाल वेगाच्या ८० टक्के असतो, भुतांचा ७५. म्हणजे तुम्ही जास्त वेगवान. पण प्रत्येक ठिपका खाताना पॅक-मॅन क्षणभर अडखळतो. ठिपक्यांनी भरलेल्या वाटेवर त्याचा वेग ७१ टक्क्यांच्या आसपास येतो. म्हणजे खात खात पळालात तर भूत गाठणार, मोकळ्या वाटेने पळालात तर नाही गाठणार. भूक आणि जीव दोन्ही एकदम सांभाळता येत नाहीत. मागे भूत असेल तर आधी खाऊन साफ केलेल्या वाटेवर वळा, त्याला झुलवा, मग परत खायला या.

पाचव्या ते विसाव्या लेव्हलपर्यंत तुम्ही १०० वर, भुतं ९५ वर. एकविसाव्यापासून पारडं फिरतं: तुम्ही ९० वर येता, भुतं ९५ वरच राहतात. तिथून पुढे सरळ वाटेवर कुणीही तुम्हाला गाठू शकतं. तिथे तारतात ते फक्त कोपरे आणि बोगदा.

बोगद्यात नेमकं काय होतं?

डाव्या बाजूने शिरलात की उजवीकडून निघता. तुमचा वेग कमी होत नाही, भुतांचा मात्र जवळपास निम्मा होतो, पहिल्या लेव्हलला ४० टक्के. दोन-तीन भुतं पाठीला लागली की बोगदा हा हुकमी पत्ता आहे. फक्त आधी दुसऱ्या टोकाला कोणी उभं नाही ना, ते बघून घ्या.

चारही भुतं सारखीच वाटतात. फरक ओळखायचा कसा?

या गेमचं अर्धं शहाणपण इथे आहे, म्हणून जरा सविस्तर.

लाल तो ब्लिंकी. त्याचं जपानी नाव ‘ओइकाके’, म्हणजे पाठलाग. तो तुम्ही आता ज्या घरात आहात तिकडेच येतो. साधा, सरळ, चिवट. वसुलीला आलेल्या माणसासारखा.

गुलाबी ती पिंकी. (आपल्याकडे प्रत्येक सोसायटीत एक पिंकी असतेच, त्यामुळे हे नाव लगेच लक्षात राहतं.) जपानी नाव ‘माचिबुसे’, दबा धरून बसणारी. ती तुमच्याकडे येत नाही, तुमचं तोंड जिकडे आहे त्याच्या चार घरं पुढे जाते. ब्लिंकी मागून हाकतो आणि पिंकी पुढून वाट अडवते. नवशिके मरतात ते बहुधा याच कात्रीत. पण तिच्यावर उतारा आहे. ती समोरून येत असेल आणि मध्ये एखादा फाटा असेल, तर तिच्याच दिशेने चालत राहा. चार घरांच्या आत आलात की तिचं लक्ष्य तिच्याच पाठीमागे पडतं. तिला मागे वळता येत नाही, म्हणून ती पुष्कळदा फाट्यावर बाजूला निघून जाते. पहिल्यांदा करताना पोटात गोळा येतो. शेवटची लाइफ असताना मात्र हे धाडस करू नका. एक गंमत: तुम्ही वर तोंड केलेलं असेल तर तिचं लक्ष्य चार घरं वर आणि शिवाय चार घरं डावीकडे जातं. ही मूळ प्रोग्रॅममधली चूक, तशीच राहून गेलेली.

निळसर तो इंकी, ‘किमागुरे’, लहरी. लहरी दिसतो खरा, पण त्याचं गणित ब्लिंकीशी बांधलेलं आहे. तुमच्या दोन घरं पुढची जागा धरा. ब्लिंकीपासून त्या जागेपर्यंत रेघ ओढा आणि तेवढीच पुढे वाढवा. टोक जिथे येईल तिथे इंकी निघतो. खेळताना हे गणित कोण करणार? एवढंच ध्यानात ठेवा: ब्लिंकी तुमच्याजवळ असेल तर इंकीही घातक, ब्लिंकी लांब असेल तर इंकी कुठेतरी भरकटलेला.

नारिंगी तो क्लाइड. जपानीत ‘ओतोबोके’, भोळेपणाचं सोंग घेणारा. आपण म्हणू, वेड पांघरून पेडगावला जाणारा. आठ घरांहून लांब असेल तर ब्लिंकीसारखा तुमच्या मागे येतो, जवळ आला की घाबरून आपल्या कोपऱ्याकडे, म्हणजे खाली डावीकडे पळतो. त्याला भित्रा समजून लोक खालच्या डाव्या कोपऱ्यात निवांत खात बसतात आणि तो नेमका तिथेच परततो. त्याच्या घरच्या वाटेत उभं राहायचं नाही.

इवातानींनी हे मुद्दाम केलं होतं. चारही भुतं एकाच रांगेत मागे लागली तर खेळात मजा नाही आणि सगळीकडून एकदम तुटून पडली तर खेळणारा वैतागतो. म्हणून चार स्वभाव, आणि मध्ये मध्ये उसंत.

उसंत म्हणजे?

भुतं सतत पाठलाग करत नाहीत. पहिल्या लेव्हलला आधी सात सेकंद आपापल्या कोपऱ्यात फिरतात: ब्लिंकी वर उजवीकडे, पिंकी वर डावीकडे, इंकी खाली उजवीकडे, क्लाइड खाली डावीकडे. मग वीस सेकंद पाठलाग. पुन्हा सात आणि वीस. मग पाच आणि वीस. मग शेवटचे पाच, आणि त्यानंतर कायमचा पाठलाग. प्रत्येक बदलाच्या क्षणी सगळी भुतं एकदम उलटी वळतात. तोच तुमचा इशारा. घड्याळ बघायची गरज नाही. उलटी वळली आणि कोपऱ्यांकडे निघाली की अवघड जागेतले ठिपके खाऊन घ्या. लाइफ गेली की हे घड्याळ पुन्हा पहिल्यापासून सुरू होतं.

दुसऱ्या लेव्हलपासूनच चौथी उसंत नावापुरतीच उरते आणि पाचव्यापासून सातचे पाच सेकंद होतात.

सुरुवातीला कोठडीत बसलेली भुतं कधी बाहेर येतात?

ब्लिंकी बाहेरच असतो, पिंकी लगेच निघते. पहिल्या लेव्हलला इंकी तुम्ही तीस ठिपके खाल्ल्यावर आणि क्लाइड साधारण नव्वद खाल्ल्यावर. तिसऱ्या लेव्हलपासून कुणीच थांबत नाही. ‘मग मी खाणारच नाही’ अशी हुशारी चालत नाही, चार सेकंद काही खाल्लं नाही की पुढचं भूत सोडतातच.

मोठी गोळी कधी खायची? मी तर दिसली की खातो.

तिथेच नुकसान होतं. साधा ठिपका १० गुणांचा, मोठी गोळी ५० ची. खरी कमाई निळ्या भुतांची आहे: पहिलं २००, दुसरं ४००, तिसरं ८००, चौथं १६००. एका गोळीवर चारही खाल्ली तर ३००० गुण, एकच खाल्लं तर २००. लोभ सुटावा असाच हिशेब आहे.

म्हणून गोळीजवळ जाऊन वाट बघायची. आधी दोन-तीन वळसे घेऊन भुतांना एका माळेत मागे लावून घ्यायचं, गोळीच्या अलीकडे थोडं घुटमळायचं, पहिलं भूत अगदी दोन-तीन घरांवर आलं की खायची. खाल्ल्यावर भुतं उलटी वळतात आणि पाठ दाखवून संथ चालू लागतात, मग एकामागोमाग एक.

पण हे पहिल्या काही लेव्हललाच. निळं राहण्याचा वेळ पहिल्या लेव्हलला सहा सेकंद, दुसऱ्याला पाच, मग चार, तीन, पाचव्याला फक्त दोन. सहाव्याला परत पाच मिळतात, तो प्रसाद समजून घ्यायचा. नवव्याला एकच सेकंद, दहाव्याला पुन्हा पाच. सतराव्याला भुतं निळी होतच नाहीत, आणि एकोणिसाव्यापासून कधीच नाही. तरी गोळी वाया जात नाही, ती खाल्ली की भुतं उलटी वळतात. तेवढा श्वास मिळतो.

भुतं पांढरी लुकलुकायला लागली, तरी खाऊ का?

हाताशी असेल तर. तीन घरं लांब असेल तर सोडा. माझ्या निम्म्या लाइफ त्या शेवटच्या भुतामागे गेल्यात.

फळं कुठे आणि कधी येतात?

कोठडीच्या बरोबर खाली, प्रत्येक लेव्हलला दोनदा: ७० ठिपके खाल्ल्यावर आणि १७० खाल्ल्यावर. नऊ-दहा सेकंद राहतात. पहिल्या लेव्हलला चेरी १०० गुणांची, पुढे स्ट्रॉबेरी ३००, मग ५००, सफरचंद ७००, खरबूज १०००. तेराव्यापासून किल्ली येते, तिचे ५००० गुण. किल्ली हे फळ कसं, ते विचारू नका.

ठिपके मोजत बसायचं कारण नाही. पण पहिला पाऊण मिनिट खालच्या भागात खाल्लं तर फळ येईल तेव्हा तुम्ही जवळच असता.

शेवटचे थोडे ठिपके उरले की हमखास मरतो. नशीबच फुटकं की काय?

नशीब नाही, ब्लिंकी. ठिपके कमी झाले की त्याचा वेग वाढतो. पहिल्या लेव्हलला २० उरले की तो तुमच्या बरोबरीने धावतो, १० उरले की तुमच्याहून जोरात. शिवाय मग त्याला उसंतही नको असते, बाकीची भुतं कोपऱ्यात गेली तरी तो मागेच. पुढच्या लेव्हलला हे आणखी आधी सुरू होतं.

चक्रव्यूहात इथे दोन, तिथे तीन असे ठिपके टाकून पुढे जाणाऱ्यांचं इथे फावत नाही. भाकरीचे तुकडे ताटभर विखरून ठेवल्यासारखं. एक भाग हातात घेतला की चाटूनपुसून साफ करा. शेवटचे वीस एकाच ठिकाणी, शक्यतो बोगद्याच्या जवळपास किंवा एखाद्या मोठ्या गोळीच्या शेजारी उरतील असं बघा. मी वरचे कोपरे आधी उरकतो, कारण तिथून सुटायला वाटा कमी.

भुतं जाऊ शकत नाहीत अशी एखादी जागा आहे का?

जागा नाही, पण चार वळणं आहेत. कोठडीच्या लगेच वरच्या ओळीत दोन आणि तुम्ही सुरू करता त्या ओळीत दोन: तिथून वर जाणाऱ्या वाटांमध्ये भुतं एरवी शिरत नाहीत. वरून खाली येतात, खालून वर वळत नाहीत. (निळी असताना मात्र हे बंधन नसतं.) ब्लिंकी अगदी पाठीला चिकटला असेल तर सुरुवातीच्या ओळीत या आणि झटकन वर वळा. तो सरळ पुढे निघून जातो. पहिल्यांदा हे जमलं तेव्हा मी दादर आल्याचं विसरलो.

भुतांच्या चाली ठरलेल्या आहेत तर अख्खी वाटच पाठ केली तर?

मूळ यंत्रावर लोक हेच करायचे. तुम्ही तंतोतंत तीच वाट त्याच वेळेला घेतलीत तर भुतंही तंतोतंत तेच करतात, निळी असतानाची त्यांची इकडेतिकडे पळापळसुद्धा दर लेव्हलला तीच. ऐंशीच्या दशकात अमेरिकेत अशा वाटांची पुस्तकं निघाली.

मोबाइलवर मी याच्या मागे लागणार नाही. लाकडी पेटीवरची जॉयस्टिक धरून ठेवता येते, स्वाइप थोडं मागेपुढे होतंच, आणि एका वळणाला किंचित उशीर झाला की पुढची पाठ केलेली वाट कोलमडते. मग तुम्ही भुतांकडे न बघता कवितेची पुढची ओळ आठवत बसता आणि मरता. पहिल्या दहा-पंधरा सेकंदांची वाट ठरवून ठेवा, पुढे डोळे उघडे ठेवून खेळा. नजर पॅक-मॅनवर खिळवायची नाही. तो कुठे आहे हे तुम्हाला माहीतच असतं. नजर ब्लिंकी आणि पिंकीवर हवी.

आवाज बंद ठेवला तर चालेल?

घरच्यांसाठी चालेल. पण मागे वाजणारा भोंगा ठिपके कमी होत जातील तसा चढत जातो, आणि भुतं निळी असताना सूर वेगळा असतो. म्हणजे न बघता बरंच कळतं. वायरवाले इअरफोन घ्या. ब्लूटूथमध्ये आवाज थोडा मागून येतो.

जाहिरात बघून मिळणारी जादा लाइफ घ्यावी का?

शिकत असाल तर नको. एका फुकट नकलेत मी तीन आठवडे जाहिराती बघत ‘पुढे’ गेलो आणि मग लक्षात आलं की मला पहिली लेव्हलसुद्धा न मरता पूर्ण करता येत नाही. मूळ गेममध्ये १०,००० गुणांना एक जादा लाइफ मिळते. पहिल्या लेव्हलला सगळं खाल्लं, चार गोळ्यांवर चारही भुतं आणि दोन्ही चेऱ्या, तर १४,८०० होतात. म्हणजे नीट खेळलात तर ती लाइफ पहिल्याच लेव्हलला कमावता येते. महिनाभराचं ध्येय म्हणून हे पुरेसं आहे.

पॅक-मॅन २५६ हाही तोच गेम आहे का?

नाही, पण त्याचं नाव मूळ गेममधल्या एका बिघाडावरून आलंय (पुढचा प्रश्न बघा). हिपस्टर व्हेल या ऑस्ट्रेलियन चमूच्या हातचा, २०१५ मधला. यात चक्रव्यूहाला शेवट नाही, तो वर वर उलगडत जातो आणि खालून बिघडलेल्या अक्षरांचा लोंढा तुम्हाला गिळायला येतो. त्यामुळे एका जागी भुतांना झुलवण्याची चैन इथे नाही. सलग २५६ ठिपके एकही खंड न पडता खाल्ले की स्क्रीनवरची भुतं एका फटक्यात साफ होतात. म्हणून फाट्यावर आलात की आधी ठिपके कुठल्या वाटेला पुढे जातायत ते बघा, मोकळ्या घरावरून गेलात की मोजणी तुटते. लवकर स्वाइप करायची सवय इथेही तशीच कामी येते. फोनसाठीच बनवलेला असल्याने हाताला तो मूळ गेमपेक्षा सोपा जातो. मला विचाराल तर रांगेत उभं असताना २५६, घरी निवांत असताना मूळ.

खरंच कुणी हा गेम संपवलाय का? शेवटी काय आहे?

शेवट म्हणून काही रचलेलाच नव्हता. लेव्हलचा आकडा यंत्राच्या आठ बिटांच्या खणात ठेवलेला, त्यात ० ते २५५ एवढंच मावतं. २५६ व्या लेव्हलला खालची फळं काढणारा हिशेब गडबडतो आणि स्क्रीनचा उजवा अर्धा भाग अक्षरं, आकडे आणि रंगीत तुकड्यांनी भरून जातो. डावीकडे चक्रव्यूह जिथल्या तिथे, उजवीकडे भंगाराचं दुकान. पुढे जायला लागतात तितके ठिपकेच तिथे नसतात, म्हणून लेव्हल पूर्ण होत नाही.

तिथवर एकही लाइफ न गमावता, २५५ लेव्हलमधला प्रत्येक ठिपका, प्रत्येक फळ आणि प्रत्येक निळं भूत खाऊन पोचणारे लोक आहेत. त्यांचं शेवटचं काम मजेशीर असतं. त्या भंगारात नऊ ठिपके लपलेले आहेत, आणि लाइफ गेली की ते पुन्हा उगवतात. म्हणून ते लोक साठवलेल्या लाइफ एकेक करून मुद्दाम घालवतात, दर वेळी तेच नऊ खातात आणि मग कुठे स्कोअर ३३,३३,३६० वर थांबतो.